द कॅरोल बर्नेट शो : डेंटिस्टवालं स्किट आधी बघा, बाकीचं नंतर

अमेरिकेत सीबीएसवर 1967 ते 1978 चाललेला शो, गाणी, नाच, पाहुणे, स्किटं सगळं एका तासात. अख्खे एपिसोड बघायच्या भानगडीत पडू नका, गाण्यांचे भाग आता जाम रटाळ वाटतात आणि तिकडच्या मालिकांची खिल्ली उडवलेली स्किटं आपल्या डोक्यावरून जातात. पण टिम कॉनवे आणि हार्वे कॉर्मन हे शोमधले दोन विनोदी नट समोरासमोर आले की विषय संपला.

1969 चं डेंटिस्टचं स्किट घ्या. कॉनवे नवशिका डॉक्टर, कॉर्मन दात दुखतोय म्हणून आलेला पेशंट. बधिर करायचं इंजेक्शन कॉनवे चुकून स्वतःच्याच हातात टोचतो, हात लुळा, मग तो लोंबता हात सावरता सावरता सुई पायात, पायही गेला, आणि शेवटी कपाळात. गोष्ट एवढीच! पण गडी घाई अजिबात करत नाही, हात गेलाय हे आपल्याला कधीच कळलेलं असतं आणि हा अजून पेशंटसमोर सगळं आलबेल असल्याचा आव आणतोय, तिथेच हसून हसून पोट दुखायला लागतं. खुर्चीत कॉर्मन तोंड लपवून हसू दाबतोय, ते काही दबत नाहीये... परत बघताना तर मी फक्त त्याच्याकडेच बघतो.

आणि ते हसू खोटं नाही बरं का. शोचं शूटिंग एकाच दिवशी दोनदा व्हायचं, दोन वेगळ्या प्रेक्षकांसमोर. पहिल्या वेळी कॉनवे ठरल्याप्रमाणे करायचा आणि दुसऱ्या वेळी मनाला येईल ते घुसडायचा, बाकीच्यांना पत्ताच नाही. कॉर्मन बिचारा दरवेळी सापडायचा.

कॅरोलबाईंचं बघायचं तर 1976 चं 'गॉन विथ द विंड'चं विडंबन. मूळ सिनेमात खिडकीच्या पडद्याच्या कापडाचा ड्रेस शिवतात, ही बाई पडद्याच्या दांड्यासकट जिना उतरते, खांद्यावर आडवा दांडा आणि चेहरा एकदम राणीसारखा! आयडिया कॉश्च्युमवाल्या बॉब मॅकीची, तो ड्रेस आता स्मिथसोनियन म्युझियममध्ये आहे.

तक्रार एकच, कधी कधी कलाकार स्वतःच इतके हसत सुटतात की स्किटच बाजूला राहतं, मला ते अती वाटलं, काहींना तेच आवडतं. गाणी नकोच असतील तर 'कॅरोल बर्नेट अँड फ्रेंड्स' नावाची अर्ध्या तासाची कापलेली आवृत्ती आहे, पण त्यात नंतरचे सीझन आहेत, डेंटिस्ट वेगळं शोधायला लागेल.