सुपुर्तनामा: कायद्याला पैकीच्या पैकी, ठाण्याच्या आवाराला शून्य

गुन्ह्यात जप्त झालेली गाडी खटला संपेपर्यंत सुपुर्तनाम्यावर, म्हणजे बंधपत्र देऊन तात्पुरत्या ताब्यात, सोडवून घ्यायची ही सोय कागदावर तरी उत्तम आहे. सर्वोच्च न्यायालयाने 2002 साली सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या प्रकरणात स्वच्छ सांगितलं की जप्त वाहनं पोलीस ठाण्यात सडत ठेवण्यात काही अर्थ नाही. योग्य बंधपत्र, हमी घेऊन ती लगेच सोडा. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने त्याला मुदतीची जोड दिली. कलम 497 प्रमाणे वस्तू न्यायालयापुढे आल्यापासून 14 दिवसांत तिचं वर्णनपत्र आणि फोटो तयार व्हायला हवेत, आणि त्यानंतर 30 दिवसांत ताब्याचा किंवा विल्हेवाटीचा आदेश. मुद्देमाल अजून न्यायालयापुढे आलाच नसेल तर अर्ज कलम 503 खाली. बहुतेक वकील दोन्ही कलमं एकाच अर्जात टाकतात, आणि त्यात चूक काही नाही.

याच संहितेचं कलम 106(3) मात्र फारसं कुणी वापरत नाही. जागेअभावी माल सुरक्षित ठेवणं कठीण असेल किंवा तपासासाठी तो ठेवण्याची गरज उरली नसेल, तर पोलीस अधिकारी स्वतःच बंधपत्रावर ताबा देऊ शकतो. तपास अधिकाऱ्याला एक लेखी अर्ज देऊन ठेवायला काहीच लागत नाही. नाही म्हणाला तरी पुढे न्यायालयात ती पोच कामाला येते.

अर्जासोबत आरसी, विमा, पीयूसी, एफआयआर, जप्ती पंचनामा, ओळखपत्र आणि प्रतिज्ञापत्र लागतं. न्यायालय तपास अधिकारी आणि सरकारी वकिलाचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवतं, आणि तारखा पडतात त्या इथेच. 'से'मध्ये ठरलेलं वाक्य असतं: गाडी सोडल्यास पुन्हा गुन्ह्यात वापरली जाईल. त्यावर वाद घालण्यापेक्षा अर्जातच अटी मान्य करून टाकाव्यात: विकणार नाही, रंग-रूप बदलणार नाही, बोलावल्यावर हजर करीन, खटल्यात गाडीऐवजी फोटो वापरले तर हरकत घेणार नाही. बंधपत्राची रक्कम साधारण गाडीच्या किमतीएवढी ठेवतात. जामीनदार सांगितला असेल तर त्याच्या ऐपतीचे कागद आधीच जमवून ठेवावेत. आदेश झाल्यावर शोधाशोध केली की आठवडा सहज जातो.

खरा घोळ होतो तो चेसिस नंबरात. पंचनामा रस्त्यावर, घाईत, कधी अंधारात लिहिलेला. आरसीवर एक आकडा, पंचनाम्यात दुसरा, आणि अर्ज तिथेच अडकतो. एक बारीक गोष्ट कामाची आहे: 17 अक्षरी चेसिस नंबरात इंग्रजी आय, ओ आणि क्यू ही अक्षरं वापरतच नाहीत. तेव्हा पंचनाम्यात गोल 'ओ' दिसला की तो शून्यच. चेसिसवर कागद धरून पेन्सिल घासली की ठसा उमटतो. तपास अधिकाऱ्यासमोर तो घ्यावा आणि दुरुस्तीचा अहवाल मागावा. चेसिसवरचा नंबरच खरवडलेला किंवा पुन्हा ठोकलेला निघाला तर मात्र प्रयोगशाळेचा अहवाल येईपर्यंत थांबणं आलं.

दोन दावेदार असतील तर? मोटार वाहन कायद्यात मालक म्हणजे ज्याच्या नावावर नोंदणी तो. कर्जाचा बोजा असलेल्या गाडीत, करारान्वये जिच्या ताब्यात ती व्यक्ती. नुसते सही केलेले मालकी बदलाचे 29-30 नंबरचे फॉर्म खिशात ठेवून वर्षभर गाडी फिरवणारा खरेदीदार इथे कच्चा पडतो. त्याने नोंदणीकृत मालकाचं ना-हरकत प्रतिज्ञापत्र जोडावं. चोरीच्या गाडीचा दावा विमा कंपनीने आधीच दिला असेल तर कंपनीही हक्क सांगू शकते. यात कुणालाही ताबा मिळाला तरी मालकी ठरत नाही; ती लढाई दिवाणी न्यायालयातच.

सगळीकडे हाच रस्ता चालत नाही. वाळू वाहताना महसूल खात्याने धरलेली गाडी जमीन महसूल संहितेच्या कलम 48 खाली जाते, तिथे दंड आणि बंधपत्र महसूल अधिकाऱ्यापुढे. अपघातातल्या गाडीला तृतीय पक्ष विमा नसेल तर पुरेशी तारण-रक्कम दिल्याशिवाय सुटका नाही. अमली पदार्थांच्या गुन्ह्यात गाडी सुटतच नाही हा समज मात्र चुकीचा. तात्पुरत्या ताब्याला कायद्यात सरसकट बंदी नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2025 मध्ये म्हटलं आहे.

आता शून्य का, ते. आवारात उघड्यावर पाऊस-ऊन खात उभी असलेली गाडी महिनाभरातच रडायला लागते. बॅटरी बसते, हँडब्रेक ओढलेला असला की ब्रेक चिकटतात, उंदीर वायरिंग कुरतडतात. आदेश घेऊन गेल्यावर लगेच किल्ली फिरवू नये. आधी पंचनामा हातात धरून स्टेपनी, जॅक, टेप, बॅटरी, मीटरचा आकडा जुळवावा आणि जे कमी असेल ते ताबा पावतीवर लिहूनच सही करावी. सहीनंतरच्या तक्रारीला मुद्देमाल कारकून दाद देत नाही, आणि त्याचं चूक म्हणता येत नाही. मग बॉनेट उघडून वायरी, ऑइल, कूलंट बघावं. शंका असली तर सरळ टोइंग.

विमा मधल्या काळात संपला असेल तर आवारातून बाहेर काढण्याआधी नवा घ्यावा. आणि खटल्याच्या निकालात मुद्देमालाबद्दलची ओळ वाचून बघावी: सुपुर्तनामा कायम केला असेल तर त्या आदेशाची नक्कल काढून आरसीसोबत ठेवावी, ओळच नसेल तर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 498 खाली अर्ज करावा. ते झाल्याशिवाय गाडी विकायला काढू नये.