हॅच कागदाच्या मापाचा की प्रत्यक्ष मापाचा?

वास्तुरचनेच्या आराखड्यात हॅचची, म्हणजे एखादा भाग भरणाऱ्या रेषा-ठिपक्यांची, नक्षी कोणती घ्यावी यावर पुष्कळ विचार होतो, पण त्या नक्षीचे माप कागदाशी बांधावे (स्केल बदलले तरी छापील अंतर तेवढेच) की प्रत्यक्ष बांधकामाशी (छापील अंतर स्केलप्रमाणे बदलणारे) हा अधिक महत्त्वाचा प्रश्न बहुधा पहिली प्रिंट हातात पडल्यावरच सुचतो. रेव्हिट या आराखड्यांच्या सॉफ्टवेअरमध्ये यासाठी ड्राफ्टिंग पॅटर्न (कागदाच्या मापाचा) आणि मॉडेल पॅटर्न (प्रत्यक्ष मापाचा) असे दोन स्वतंत्र प्रकार आहेत. आर्किकॅड या दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये फिल (तेथील हॅच) प्लॅनच्या स्केलप्रमाणे लहानमोठा व्हावा की नाही हे ठरवता येते. ऑटोकॅडमध्ये हॅचला ‘ॲनोटेटिव्ह’ हा गुणधर्म दिला की तो कागदाच्या मापाला बांधला जातो.

निवडीचा माझा निकष एकच आहे: पॅटर्नमधील रेष बांधकामावर प्रत्यक्ष दिसणार आहे का? कापलेल्या भिंतीतील तिरप्या रेषा किंवा काँक्रीटचे ठिपके हे केवळ साहित्याची खूण असल्यामुळे तेथे कागदाचे मापच योग्य ठरते. रेषांमध्ये प्रत्यक्ष मापाने 150 मिलिमीटर अंतर ठेवले, तर 1:50 च्या सेक्शनमध्ये (इमारतीच्या उभ्या छेदात) ते 3 मिलिमीटर, म्हणजे वाचनीय दिसते. तोच सेक्शन 1:200 वर नेल्यास मात्र ते 0.75 मिलिमीटर उरते आणि भिंत काळवंडते. रेव्हिटने तर कट पॅटर्नसाठी, म्हणजे कापलेल्या भागातील नक्षीसाठी, ड्राफ्टिंग प्रकाराखेरीज दुसरा पर्यायच ठेवलेला नाही, आणि ते योग्यच आहे.

फरशी, विटांचे थर किंवा दर्शनी पॅनेल यांच्या रेषा म्हणजे खरे सांधे असतात, त्यामुळे तेथे प्रत्यक्ष मापाला पर्याय नाही. 600 मिलिमीटरची फरशी 1:50 वर 12 मिलिमीटरच्या चौकोनांनी दाखवली आणि पॅटर्न कागदाच्या मापाचा ठेवला, तर 1:100 वर तेच चौकोन 1200 मिलिमीटरच्या फरशीचे ठरतात. अशी चूक काळवंडलेल्या हॅचपेक्षा घातक असते, कारण नकाशा दिसायला नीटनेटकाच राहतो. मॉडेल पॅटर्नचा आणखी लाभ असा की रेव्हिटमध्ये त्याच्या रेषांवरून मापे टाकता येतात आणि सांधा दाराच्या कडेशी जुळवता येतो. ऑटोकॅडमध्ये युजर डिफाइन्ड प्रकार घेऊन अंतर 600 ठेवावे, डबल (आडव्या-उभ्या दोन्ही रेषा) हा पर्याय निवडावा, आणि पूर्ण फरशी जेथून सुरू होणार त्या कोपऱ्यावर हॅच ओरिजिन, म्हणजे नक्षीचा आरंभबिंदू, आणावा. हे शेवटचे काम वगळले, तर कडेचे तुकडे नकाशावर एका मापाचे आणि जागेवर दुसऱ्याच मापाचे निघतात.

प्रत्यक्ष मापाचीही मर्यादा आहे. 75 मिलिमीटरचा विटांचा थर 1:200 च्या एलिव्हेशनमध्ये (दर्शनी बाजूच्या नकाशात) 0.375 मिलिमीटरच भरतो, तेव्हा त्या व्ह्यूपुरता पॅटर्न बंद करून फिका सॉलिड फिल (एकसंध रंग) वापरावा. त्याला स्केलच नसल्याने तो कोठेही बिघडत नाही, मात्र साहित्य ओळखण्यासाठी सूची जोडावी लागते.

बाहेरून आणलेली पॅट फाइल (नक्षीची व्याख्या असलेली .pat फाइल) रेव्हिटमध्ये मॉडेल पॅटर्न म्हणून हवी असेल, तर तिच्यात मॉडेल प्रकाराची नोंद आहे ना, हे आयात करण्यापूर्वीच पाहावे.