ई-कोर्ट्स सर्व्हिसेस ॲप: याचिका मागे घेताना कितपत कामाचं?

उच्च न्यायालयातली रिट (सरकार किंवा प्राधिकरणाविरुद्ध थेट दाद मागणारी याचिका) मागे घेऊन न्यायाधिकरणात किंवा दिवाणी कोर्टात जायचं ठरलं असेल, तर हे मोफत ॲप पक्षकाराने फोनवर घ्यावंच. सोळा अक्षरं-अंकांचा सीएनआर, म्हणजे प्रत्येक केसला मिळणारा वेगळा क्रमांक, टाकला की पुढची तारीख आणि ऑर्डर समोर येतात, आणि केस ‘माय केसेस’मध्ये ठेवता येते. नावाने शोधत बसू नका. मराठी आडनावांचं इंग्रजी स्पेलिंग दर ठिकाणी वेगळं असतं.

अडचण आहे ती ‘केस स्टेटस’ची. तिथे प्रकरण निकाली निघाल्याचं कळतं, पण कोणत्या शब्दांत निघालं ते कळत नाही, आणि इथे सगळं शब्दांवरच असतं. नुसतं ‘मागे घेतल्यामुळे निकाली’ असेल, तर सर्वोच्च न्यायालयाच्या 1986 च्या सरगुजा ट्रान्सपोर्ट निकालानुसार त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा रिट करता येत नाही. दाव्यासारखे इतर मार्ग मात्र त्यामुळे बंद होत नाहीत. दिवाणी दाव्यात नियम आणखी कडक आहे: दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 23 नियम 1 प्रमाणे परवानगीशिवाय दावा सोडला, तर त्याच विषयावर नवा दावा नाही, वर खर्चही बसू शकतो. म्हणून ऑर्डरची पीडीएफ उघडा आणि शेवटचा परिच्छेद सावकाश वाचा. ‘योग्य मंचापुढे दाद मागण्याची मुभा’ आणि ‘सर्व मुद्दे खुले’ हे दोन्ही तिथे हवेत. अंतरिम संरक्षण (निकालापर्यंतची तात्पुरती स्थगिती वगैरे) होतं का? मग ते किती आठवडे चालू राहणार तेही लिहिलेलं हवं. नाहीतर याचिका निकाली निघताच संरक्षणही जातं.

ही मुभा आधीच मागायची असते. खालच्या कोर्टात पुरसिस (कोर्टाला दिलेलं लेखी निवेदन) देताना ‘मुभा मिळाली तरच मागे घेतो’ असं स्पष्ट लिहून घ्या. उच्च न्यायालयात वकील हे तोंडी सांगतात, त्यामुळे त्यांना आदल्या दिवशीच लेखी सूचना द्या.

ॲपमधल्या तारखांचा खरा उपयोग मुदतीसाठी होतो. मुदत कायद्याच्या कलम 14 खाली चुकीच्या मंचापुढे गेलेला काळ वगळून मिळू शकतो, पण प्रकरण प्रामाणिकपणे आणि तत्परतेने चालवलं होतं हे दाखवावं लागतं. दाखल केल्यापासून निकालापर्यंतच्या ऑर्डर उतरवून घ्या, त्या इथे उपयोगी पडतात. कलम 14 दावा आणि अर्जांसाठी आहे. अपिलात थेट ते नव्हे, तर विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो. बँकेने सरफेसीखाली (थकलेल्या कर्जासाठी तारण मालमत्ता ताब्यात घेण्याचा कायदा) कारवाई केली असेल तर कलम 17 खाली कर्ज वसुली न्यायाधिकरणात जायला मुदत फक्त 45 दिवसांची आहे. रिट मागे घेण्याआधी हे दिवस मोजाच.

एक कमतरता लक्षात ठेवा: ॲपवरची प्रत ही प्रमाणित प्रत नव्हे. ऑर्डर दिसताच नकलेचा अर्ज करा. मुभेचं वाक्य सुटलं असेल, तर मुंबई उच्च न्यायालयात ‘स्पीकिंग टू मिनिट्स’साठी, म्हणजे ऑर्डरमधली चूक दुरुस्त करून घेण्यासाठी, लगेच त्याच खंडपीठापुढे जा. महिन्याभराने नवी रिट घेऊन गेलात, तर समोरचा वकील पहिली हरकत यावरच घेईल.