‘अरेस्टेड डेव्हलपमेंट’ची पहिली तीन पर्वे : एमीने पारखलेले लेखन

सप्टेंबर २००४ मध्ये ‘अरेस्टेड डेव्हलपमेंट’ या अमेरिकी मालिकेला सर्वोत्कृष्ट विनोदी मालिकेचा एमी, म्हणजे अमेरिकी टीव्हीचा मानाचा पुरस्कार, मिळाला, तेव्हा तिचे एकच पर्व प्रक्षेपित झाले होते आणि स्पर्धेत निरोपाचे पर्व सादर केलेली ‘सेक्स अँड द सिटी’ आणि घराघरांत पाहिली जाणारी ‘एव्हरीबडी लव्ह्ज रेमंड’ या मालिका होत्या. लेखन, दिग्दर्शन, पात्रनिवड आणि संकलन धरून त्या वर्षी तिने पाच एमी मिळवले. तरीही फॉक्स वाहिनीवर तिला पुरेसे प्रेक्षक लाभले नाहीत. पहिल्या पर्वाचे २२ भाग झाले होते. दुसऱ्याचे १८ झाले, तिसऱ्याचे १३, आणि अखेरचे चार भाग वाहिनीने १० फेब्रुवारी २००६ रोजी, तुरिनच्या हिवाळी ऑलिंपिकचे उद्घाटन दुसरीकडे चालू असताना, एकाच रात्री सलग दाखवून टाकले. हे ५३ भाग मी डीव्हीडी संचावर नुकतेच दुसऱ्यांदा पाहिले. परीक्षकांनी या मालिकेत काय हेरले होते, ते मला या खेपेला खऱ्या अर्थाने कळले.

कथा कॅलिफोर्नियातील ऑरेंज काउंटीमधल्या ब्लूथ या बांधकाम व्यावसायिक कुटुंबाची आहे. निवृत्तीच्या समारंभातच वडिलांना आर्थिक गैरव्यवहारासाठी अटक होते आणि धंद्याचा डोलारा सांभाळण्याची जबाबदारी मायकल या मुलावर येते. आई, भाऊ, बहीण आणि मेहुणा यांना आयत्या पैशांची सवय असल्याने भाऊबंदकीला अंत उरत नाही. ध्वनिमुद्रित हशा नाही, कॅमेरा माहितीपटासारखा हातात धरलेला, आणि पात्राचे खोटे बोलून होते न होते तोच निवेदक रॉन हॉवर्ड शांत आवाजात खरे काय ते सांगून टाकतो.

पहिल्या भागाच्या लेखनासाठी मालिकेचे जनक मिचेल हरविट्झ यांना आणि दिग्दर्शनासाठी अँथनी व जो रूसो या बंधूंना एमी मिळाला. ‘अॅव्हेंजर्स’मुळे पुढे जगभर पोहोचलेले रूसो बंधू ते हेच. नऊ माणसे, त्यांची नाती आणि प्रत्येकाचा हेका सुमारे बावीस मिनिटांत उभा करूनही हा भाग कुठेच घाईत वाटत नाही. मात्र लेखनाची खरी ताकद पुढच्या भागांत दिसते. दुसऱ्याच भागात तुरुंगातले वडील मायकलला ‘केळ्यांच्या टपरीत नेहमीच पैसा असतो’ असे पुनःपुन्हा बजावतात. मायकल ते धंद्याचे सूत्र समजतो, टपरी पेटवून देतो, आणि मग कळते की तिच्या भिंतींच्या आत अडीच लाख डॉलर रोख दडवलेले होते.

धाकट्या बस्टरची गोष्ट त्याहून बारकाईने विणलेली आहे. दुसऱ्या पर्वात सील हा समुद्री प्राणी त्याचा हात तोडतो. पण त्याआधीच हाताच्या आकाराची खुर्ची गेल्यावर एका हाताची इतकी उणीव भासेल असे वाटले नव्हते, असे तो म्हणून गेलेला असतो, आणि बाकावरच्या जाहिरातीवर तो असा बसतो की उरलेली अक्षरे ‘आर्म ऑफ’ (हात तुटला) अशी वाचली जातात. किनाऱ्यावरून कोणी ‘लूज सील’ (सील मोकाट सुटला आहे) असा इशारा दिला की त्याला आईचे ‘लूसील’ हे नाव ऐकू येते. पहिल्या वेळी यातले निम्मेसुद्धा माझ्या ध्यानात आले नव्हते. आठवड्याला एकच भाग पाहणाऱ्या, मधले भाग हुकलेल्या प्रेक्षकाच्या हाती हे धागे कसे लागणार? परीक्षक मात्र या विणकामाशी प्रामाणिक राहिले, आणि २००५ मध्ये दुसऱ्या पर्वाच्या शेवटच्या भागासाठी हरविट्झ व जिम व्हॅलेली यांना लेखनाचा एमी पुन्हा मिळाला.

अभिनयाच्या बाबतीत माझी तक्रार आहे. जेसन बेटमन यांना मायकलच्या भूमिकेसाठी २००५ मध्ये गोल्डन ग्लोब मिळाला, तो सर्वस्वी योग्यच होता. इतर सर्वांच्या वेडेपणाला उठाव देणारा संयम त्यांनी अखेरपर्यंत टिकवला आहे. एमीने मात्र या मालिकेतील एकाही कलाकाराला गौरवले नाही. जेसिका वॉल्टर यांनी साकारलेली लूसील नुसती भुवई उंचावून मुलांचा पाणउतारा करते, आणि त्याच नजरेत कधीतरी एकटेपणही दिसते. त्यांना २००५ मध्ये नामांकन मिळाले, पुरस्कार नाही. २०२१ मध्ये त्यांचे निधन झाले. आता ती चूक दुरुस्त होणे नाही.

नेटफ्लिक्सने २०१३ मध्ये चौथे पर्व आणले. कलाकार क्वचितच एकत्र उपलब्ध असल्याने त्यात बहुतेक भाग एकेका पात्राभोवती रचावे लागले, आणि एकमेकांचे बोलणे तोडणाऱ्या कुटुंबाची मजा तिथे विरून गेली. म्हणून संग्रहासाठी पहिली तीन पर्वेच घ्यावीत, असे माझे मत आहे. इंग्रजी उपशीर्षके चालू ठेवावीत, कारण शब्दश्लेष कानांतून सहज निसटतात. पहिल्या पर्वाच्या संचात आरंभीच्या भागाची वाढीव आवृत्तीही आहे. परंतु आधी प्रक्षेपित झालेला भाग पाहावा आणि मग वाढीव आवृत्ती लावून कात्री कुठे कुठे लागली ते न्याहाळावे.