कुशिंगचा होम्स: १९५९चा की १९६८चा?

इंग्रज नट पीटर कुशिंगने शेरलॉक होम्स होऊन बास्करव्हिलच्या कुत्र्याची गोष्ट, म्हणजे आर्थर कॉनन डॉइलची होम्स-कादंबरी, दोनदा केली. आधी १९५९ साली हॅमर या भयपटांसाठी गाजलेल्या ब्रिटिश कंपनीच्या चित्रपटात, मग १९६८ साली बीबीसीच्या शेरलॉक होम्स मालिकेत, दोन भागांत. रविवारची एकच संध्याकाळ हाताशी असेल तर कोणतं लावावं, असा प्रश्न मलाही पडला होता.

कादंबरी जवळजवळ पाठ असेल, तर मालिका जवळची वाटेल. चित्रपटात बास्करव्हिल घराण्याचा वारस सर हेन्री, त्याच्या बुटातून भलामोठा कोळी निघतो, तो मूळ गोष्टीत कुठेच नाही. त्याचा शेजारी स्टेपलटन, त्याच्या घरातली नातीही बदलली आहेत. शिवाय गोष्ट घडते तो डार्टमूरचा माळ मालिकेत खराखुरा आहे, तर हॅमरवाल्यांनी लंडनजवळच्या सरे परगण्यातच भागवलं. हे सगळं मालिकेच्या बाजूने जातं आणि मला ते मान्य आहे.

पण मी मालिका अर्धी सोडली ती एका गोष्टीपायी. त्या काळी बीबीसीत घरातले प्रसंग स्टुडिओत व्हिडिओ कॅमेऱ्यावर व्हायचे आणि बाहेरचे फिल्मवर. व्हिडिओवर सेकंदाला ५० प्रतिमा, फिल्मवर २५. त्यामुळे खोलीत सगळं लख्ख, गुळगुळीत, थेट नाटक बघितल्यासारखं. माणूस दार उघडून माळावर आला की चित्र एकदम दाणेदार आणि मळकं. आवाजही बदलतो. आई शेजारी बसली होती, तिने विचारलं, "चॅनल बदललास का रे?" त्यानंतर मला दर दारापाशी तेच दिसायला लागलं. भीती हळूहळू साठत जाणारी गोष्ट ही, आणि दर पाच मिनिटांनी ती सांडते. कुणाला हे खटकणारही नाही कदाचित, सवयीचा भाग असतो. मला मात्र खटकलं ते खटकलंच.

चित्रपट ८७ मिनिटं एका रंगात, एका हवेत राहतो. आन्द्रे मोरेलचा वॉटसनही मला अधिक पटला: शांत, शहाणा, होम्सच्या तोडीचा सोबती. मालिकेतला नायजेल स्टॉक प्रेमळ आहे, पण जरा भाबडा वाटतो. शेवटचा कुत्रा चित्रपटात फसलाय, हेही सांगून टाकतो.

आणि कुशिंग स्वतः! मालिकेच्या वेळी तालमीला फार कमी दिवस मिळाले आणि ती घाई जाणवते. चित्रपटात त्याला उसंत आहे. हातात येणारी प्रत्येक वस्तू तो इतकी कामाला लावायचा की सहकारी त्याला 'प्रॉप्स पीटर' म्हणत. चित्रपट लावलात तर बेकर स्ट्रीटच्या खोलीतल्या प्रसंगात त्याचे हात बघा. पाइप, भिंग, कागद, काहीच नुसतं धरलेलं नसतं. आलेली पत्रं चाकूने शेकोटीवरच्या फळीला खोचून ठेवायची होम्सची खोड मूळ कथांमधली, तीही त्याने आठवणीने आणली आहे.