उत्तरपत्रिकेची प्रत, तक्रार निवारण समिती आणि लोकपाल: एका परीक्षार्थीचा अभिप्राय

विद्यापीठाच्या परीक्षेत अन्याय झाल्यास दाद मागण्याच्या चार-पाच वाटा विद्यार्थ्यासमोर कागदोपत्री तरी मोकळ्या आहेत. त्यांपैकी तीन वाटा गेल्या सत्रात मला स्वतः तुडवाव्या लागल्या. माहितीच्या अधिकारात उत्तरपत्रिकेची प्रत मागवणे ही त्यांतली सर्वांत स्वस्त आणि सर्वांत कामाची सेवा आहे, हे माझे मत झाले असले तरी मी स्वतः तिच्याकडे उशिराच वळलो.

एका विषयात मला उत्तीर्ण होण्यास चार गुण कमी पडले. मित्रांच्या सांगण्यावरून मी आधी पुनर्मूल्यांकनाचा अर्ज भरला आणि महिनाभराने ‘गुणांत बदल नाही’ एवढे तीन शब्द हाती आले. कोणत्या प्रश्नाला किती गुण पडले हेच ठाऊक नसताना पुनर्मूल्यांकन मागणे म्हणजे पैसे भरून अंधारात चाचपडणे होय. तोपर्यंत उत्तरपत्रिकेच्या छायाप्रतीसाठी विद्यापीठाने दिलेली मुदतही उलटून गेली होती.

माहिती अधिकाराचा अर्ज मात्र त्या मुदतीवर अवलंबून नसतो; फक्त उत्तरपत्रिका जतन करण्याचा कालावधी संपण्यापूर्वी तो पोहोचला पाहिजे. परीक्षार्थीला स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा आणि तिची प्रत घेण्याचा अधिकार आहे, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने केंद्रीय माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणात ९ ऑगस्ट २०११ रोजी दिला. परीक्षकाचे नाव तेवढे झाकले जाते. महाराष्ट्रात या अर्जाला दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लागतो, विषय एकच असावा लागतो आणि मजकूर दीडशे शब्दांत बसवावा लागतो. कारण सांगावे लागत नाही. जनमाहिती अधिकाऱ्याने तीस दिवसांत उत्तर दिले नाही, म्हणून मी वीस रुपयांचा स्टॅम्प लावून प्रथम अपील दाखल केले, आणि सुनावणीची तारीख येण्यापूर्वीच प्रत घरी आली. मुदत टळल्यामुळे माहिती अधिकार कायद्याच्या कलम ७(६) नुसार तिचे पैसेही पडले नाहीत. विद्यापीठाचे नाव मी मुद्दाम लिहीत नाही, कारण हा अनुभव त्या एकाच कार्यालयाचा असेल असे मला वाटत नाही.

प्रतीत पुरवणीची दोन पाने कोरी सुटली होती; कोरी म्हणजे माझ्याकडून नव्हे, परीक्षकाकडून. त्यांवर ना खूण होती, ना गुण. ती घेऊन मी विद्यापीठाच्या तक्रार निवारण समितीकडे गेलो.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०२३ च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने पंधरा कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा असतो. माझ्या बाबतीत सहा आठवडे लागले, तरी समितीचे वागणे सौजन्याचे होते, आणि पाने समोर ठेवल्यावर वाद घालण्यासारखे कोणाकडेच काही उरले नाही. समितीने दाद दिली नसती तर पंधरा दिवसांत विद्यापीठाने नेमलेल्या लोकपालांकडे अपील करता आले असते. तिथे नुसते ‘पुन्हा तपासा’ म्हणून चालत नाही. निकालावर परिणाम करणारी नेमकी अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो. प्रत आधी का मिळवायची, याचे उत्तर या अटीतच आहे.

उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली याचिका करता येते, पण न्यायाधीश परीक्षकाच्या खुर्चीत बसायला राजी नसतात. कानपूर विद्यापीठाच्या १९८३ च्या प्रकरणासारखी उत्तरसूचीच उघडपणे चुकीची असेल तर गोष्ट वेगळी. एरवी, नियमांत पुनर्मूल्यांकनाची तरतूद नसेल तर चूक तर्क लढवावा न लागता स्पष्ट दिसली पाहिजे, तीही अपवादानेच, असे सर्वोच्च न्यायालयाने उत्तर प्रदेशातील शिक्षक भरतीच्या प्रकरणात डिसेंबर २०१७ मध्ये बजावले आहे. वकिलाचा खर्च आणि वाया जाणारे वर्ष पाहता ही वाट शेवटचीच ठेवावी.

माझी सुधारित गुणपत्रिका आली आहे. पुनर्मूल्यांकनाचे शुल्क मात्र परत मिळाले नाही, आणि त्यासाठी ग्राहक आयोगाकडे जाण्यातही फारसा अर्थ दिसत नाही, कारण परीक्षा घेणारे मंडळ सेवा पुरवत नाही आणि परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने बिहार शालेय परीक्षा मंडळाच्या प्रकरणात २००९ मध्येच ठरवून टाकले आहे.