डार्क वॉटरची ब्लू-रे: हयाशींच्या कॅमेऱ्यासाठी घ्या

परळला आमच्या बिल्डिंगमध्ये जुलै आला की छताला ओल धरते, पोपडे सुटतात आणि वरच्यांच्या बाथरूमवरून सोसायटीत बोलाचाली सुरू होते, त्यामुळे डार्क वॉटर (2002) या जपानी भुताच्या पिक्चरमधला छतावर पसरत जाणारा तो डाग मला फार जवळचा वाटतो. पण आधी हा पिक्चर मी मोबाईलवर बघितलेला, कुठलीतरी खराब कॉपी, अर्ध्या सीनमध्ये नुसता काळोख. आता ॲरो व्हिडिओ या ब्रिटिश कंपनीची ब्लू-रे डिस्क मागवली, शनिवारी रात्री बाहेर धो धो पाऊस असताना लाईट बंद करून लावली आणि खरं सांगते, पिक्चर पहिल्यांदाच बघतेय असं वाटलं.

कॅमेरामन जुनिचिरो हयाशी. हिदेओ नाकाताचा रिंग (1998) यांनीच शूट केला आणि कियोशी कुरोसावाचा कैरो (2001) पण यांचाच! कैरोमध्ये ती बाई अंधाऱ्या खोलीत लांबून चालत येते, मध्येच तिचा तोल जातो, आणि कॅमेरा जराही घाई करत नाही, तो सीन बघून मी रात्रभर जागी होते. या माणसाचा अंधार कधी सपाट काळा नसतो, त्यात काहीतरी असतं. डार्क वॉटरमध्ये भिंती राखाडी-हिरवट, उजेड आजारी, सगळं दमट, आणि त्यात ती लहान मुलीची लाल बॅग. बाकीचे रंग एवढे दाबून ठेवलेत की बॅग कोपऱ्यात पडलेली असली तरी नजर तिथेच जाते. मोबाईलवर तो लाल पण मळकाच दिसायचा. भिंतीवरची ओलसर चमक, कॉरिडॉरच्या टोकाचा अंधार, हे सगळं आत्ता दिसलं.

डिस्कवर हयाशींची मुलाखत पण आहे, शिवाय या पिक्चरचे दिग्दर्शक नाकाता आणि मूळ कथा लिहिणारे कोजी सुझुकी. मी सगळ्यात आधी हयाशींचीच बघितली. भुतांच्या पिक्चरमध्ये कॅमेरामनला कोण विचारतं, म्हणून फार बरं वाटलं.

घ्यायच्या आधी प्लेअर तपासा. ब्लू-रेला देशांप्रमाणे रीजन असतात, दुसऱ्या रीजनची डिस्क साध्या प्लेअरवर चालेलच असं नाही; आपल्याकडचा रीजन सी, ब्रिटनची डिस्क बी, म्हणजे मल्टी-रीजन प्लेअर लागेल. आणि टीव्ही व्हिव्हिड मोडवर असेल तर प्लीज मूव्ही मोडवर टाका, नाहीतर रंग भडक होतात आणि हयाशींची सगळी मेहनत वाया.

पोस्टेज धरून महाग पडली, तरी पाचपैकी पाच. कैरोच्या ब्लू-रेवर पण त्यांची मुलाखत आहे, पुढच्या पगारात ती.